दाव्यातील माघार आणि दुसरी वाट

(ज्ञातिसंघाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात झालेले भाषण)



कार्यकारी मंडळाने आम्हांस बोलण्याची आज्ञा केली तेव्हा आमची समजूत अशी झाली की, दरवर्षीप्रमाणे गुणवंत विद्यार्थ्यांस उपदेशाचे चार शब्द सांगितले म्हणजे आमची सुटका होईल. परंतु चिटणीसांनी नेमून दिलेला विषय निराळाच निघाला. न्यायालयात दाखल केलेला अर्ज मागे घेऊन कायद्याने दाखविलेल्या दुसऱ्या मार्गाने जाणे केव्हा उचित आणि केव्हा घातक, हा तो विषय होय. आम्ही वकील नव्हे. मॅट्रिकपर्यंतचे शिक्षण आणि पुढे सारी हयात शाळामास्तरकीत गेलेली, एवढेच आमचे भांडवल. तथापि संघाच्या साहाय्य समितीवर असल्याकारणाने ज्ञातिबांधवांचे कागद वाचण्याचे काम गेली काही वर्षे आमच्याकडे आहे, आणि वकीलमंडळींच्या पायरीवर बसून जे समजून घेतले ते आपणांपुढे ठेवीत आहो. ज्याच्या त्याच्या प्रकरणात त्याच्या वकिलाचा सल्ला प्रमाण, हे प्रथमच सांगून ठेवतो.

या विषयाची निकड का उत्पन्न झाली हे येथील बहुतेकांस ठाऊक आहे. आपल्या ज्ञातीतील एक भगिनी एका खाजगी माध्यमिक शाळेत बारा वर्षे शिक्षिका होती. संस्थेने तिला एका पत्राने नोकरीतून दूर केले. संस्थेचे नाव येथे घेण्याचे प्रयोजन नाही. पत्र मिळाल्याच्या बाविसाव्या दिवशी उच्च न्यायालयात रिट अर्ज दाखल झाला. खर्चाचा काही भाग संघाच्या साहाय्य निधीतून देण्यात आला. पाच महिन्यांनी अर्ज सुनावणीस निघाला तेव्हा न्यायमूर्तींचा कल पाहून वकिलांनी कळविले की, हा अर्ज मागे घ्यावा आणि शाळा न्यायाधिकरणात अपील करावे.

त्या रात्री मंडळाची जी सभा भरली ती साडेअकरापर्यंत चालली. एका वयोवृद्ध सभासदांनी मेजावर हात आपटून विचारले, “मास्तर, निधीतले पैसे घालून आपण कोर्टात गेलो, ते काय पाठ दाखवून परत यायला? उद्या ती संस्थेची माणसे गावभर पेढे वाटतील!” त्यांचा राग खोटा नव्हता. निधीतील प्रत्येक रुपया कोणाच्या तरी लग्नकार्यातील देणगीतून आलेला असतो. मुलीचे वडील कोपऱ्यात मुकाट्याने बसले होते. त्यांना विचारले तेव्हा ते एवढेच म्हणाले, “माझी लेक वर्गात परत गेली पाहिजे. ती कोणत्या दाराने जाते, याचे मला काही नाही.”

सारा घोटाळा ‘माघार’ या शब्दाने केला होता. रणांगणातील माघार निराळी आणि न्यायालयातील निराळी. कोणी म्हणेल, शिवछत्रपतींनी १६६५ साली पुरंदरच्या तहात तेवीस किल्ले दिलेच की! दाखला उत्तम आहे, आणि वर्गात आम्ही तो पुष्कळदा दिला आहे. परंतु न्यायाधीशांपुढे इतिहासाचे दाखले चालत नाहीत, तेथे हुकुमात लिहिलेली ओळ चालते. म्हणून आपण त्या ओळीकडेच वळू.

प्रथम साध्या दिवाणी दाव्याची गोष्ट घ्या, कारण खेड्यापाड्यांतील आपल्या कुटुंबांस तिचाच प्रसंग अधिक. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत तेविसावी ऑर्डर म्हणून एक प्रकरण आहे. त्याचा पहिला नियम असा की, वादीस आपला दावा केव्हाही सोडून देता येतो. परंतु त्याच विषयावर पुन्हा नवा दावा आणावयाचा असेल तर तशी परवानगी आधी न्यायालयाकडून घेतली पाहिजे. दाव्यात काही तांत्रिक दोष असून त्यामुळे तो फेटाळला जाणार असेल, किंवा दुसरे पुरेसे कारण असेल, तर न्यायालय अशी मुभा देते. मुभा न घेता दावा काढून घेतला तर खर्च तर बसतोच, परंतु त्या विषयाचे दार वादीस कायमचे बंद होते.

आमच्या परिचयातील एका शेतकरी बांधवावर हाच प्रसंग आला. शेजाऱ्याने बांध कोरून जमिनीचा पट्टा आत घेतला, म्हणून त्यांनी दावा लावला. तिसऱ्या वर्षी गावातील चार भले लोक मध्ये पडले. देवळात बैठक झाली, शेजाऱ्याने बेलभंडार उचलून पट्टा सोडण्याचे कबूल केले. आमचे बांधव सरळ मनाचे. पुढच्या तारखेस त्यांनी ‘दावा चालविणे नाही’ अशी एका ओळीची पुरसीस दिली आणि पेढे घेऊन घरी आले. पेरणीच्या वेळी शेजाऱ्याचा नांगर पुन्हा त्याच पट्ट्यात! धावत वकिलाकडे गेले तेव्हा त्यांनी जुन्या दाव्याचा रोजनामा मागविला. त्यात मुभेचा शब्द नव्हता. तडजोड झाली हेही कोठे नोंदलेले नव्हते. बेलभंडाराची शपथ देव मानतो, पण तिची दरखास्त लागत नाही.

आता हेच काम निराळ्या रीतीने होण्यासारखे होते. त्याच ऑर्डरीचा तिसरा नियम तडजोडीचा आहे. तडजोड लेखी असून तिजवर पक्षकारांच्या सह्या असल्या आणि ती कायदेशीर आहे अशी न्यायालयाची खात्री झाली म्हणजे तिच्याप्रमाणे हुकूमनामा होतो. समोरचा फिरला तर त्या हुकूमनाम्याची दरखास्त लावता येते. लोकन्यायालयात मिटविले तरी १९८७ च्या विधिसेवा प्राधिकरण कायद्याने तेथील निवाड्यास हुकूमनाम्याचेच बळ आहे, आणि त्यावर अपील नाही. भांडण मिटले याचा आनंद सर्वांनाच व्हावा, परंतु दावा काढून घेणे आणि दावा तडजोडीने निकाली काढणे यांत जमीनअस्मानाचे अंतर आहे, आणि ते अंतर एका पुरसिशीच्या शब्दांत मावते.

आता रिट अर्जाकडे येऊ. राज्यघटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाने उच्च न्यायालयास मोठा अधिकार दिला आहे. मूलभूत हक्कांसाठीच नव्हे तर ‘अन्य कोणत्याही प्रयोजनासाठी’ ते आदेश काढू शकते. एवढे मोठे दार उघडे दिसल्यावर खालच्या पायऱ्या चढण्याचे कष्ट कोण घेईल? म्हणून न्यायालयांनी स्वतःच एक शिस्त घालून घेतली आहे. कायद्याने एखाद्या तक्रारीसाठी परिणामकारक असा दुसरा उपाय दिला असेल, तर सर्वसाधारणपणे आधी तिकडे जावे. ही शिस्त आहे, अधिकाराचा अभाव नव्हे, हे नीट ध्यानी घ्यावे. १९९८ साली व्हर्लपूल कॉर्पोरेशनच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तिचे अपवाद एकत्र सांगितले. मूलभूत हक्काची अंमलबजावणी मागितली असेल, नैसर्गिक न्यायाच्या तत्त्वांचा भंग झाला असेल, ज्याने हुकूम काढला त्यास तो काढण्याचा अधिकारच नसेल, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान असेल, तर दुसरा उपाय असूनही उच्च न्यायालय अर्ज ऐकू शकते. ‘ऐकू शकते’, ‘ऐकलेच पाहिजे’ असे नव्हे.

त्या भगिनीच्या वकिलांनी या अपवादांपैकी दुसऱ्याचा आधार घेतला होता. चौकशी न करता काढले, म्हणजे नैसर्गिक न्यायाचा भंग झाला, असे त्यांचे म्हणणे. ते चुकीचे होते असे आम्ही म्हणणार नाही. परंतु संस्थेने उत्तरात शपथेवर सांगितले की, चौकशी झाली होती, नोटिसाही दिल्या होत्या, बाईच हजर राहिल्या नाहीत. झाले! आता नोटीस मिळाली की नाही, चौकशी समिती खरोखर बसली की कागदावर बसली, हे ठरविणार कोण? रिट अर्जात उच्च न्यायालय सहसा साक्षीपुरावा घेत नाही, ते शपथपत्रांवर चालते. वादग्रस्त वस्तुस्थितीचा निवाडा हवा असेल तर रेकॉर्ड मागविणारे आणि ते तपासणारे न्यायपीठ पाहिजे.

असे न्यायपीठ महाराष्ट्रात आहे. खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा जो १९७७ चा अधिनियम आहे, त्याच्या नवव्या कलमाने बडतर्फी, नोकरीतून दूर करणे वा अन्य प्रकारे सेवा संपविणे, पदावनती आणि बढतीत डावलले जाणे, यांविरुद्ध शाळा न्यायाधिकरणात अपील करण्याचा हक्क दिला आहे. पूर्वीच्या काळी मास्तरास संस्थाचालकाच्या लहरीवर जगावे लागे. चिठ्ठी आली की पेटी उचलून चालते व्हावे. त्या स्थितीशी ताडून पाहिले म्हणजे या कलमाची किंमत कळते. १९८१ च्या नियमांत चौकशी समिती कशी बसवावी हेही सांगितले आहे. एक सभासद संस्थेचा, एक कर्मचाऱ्याने नेमलेला आणि एक पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादीतून. म्हणजे आरोपी शिक्षकाच्या बाजूने समितीत एक माणूस हवाच. त्या भगिनीस असा माणूस नेमण्यास कोणी सांगितलेच नव्हते. हा मुद्दा न्यायाधिकरणात रेकॉर्डवरून दाखविता येतो, आणि तो पटला तर तिला पुन्हा कामावर घेण्याचा व थकलेला पगार देण्याचा हुकूम तेथेच होऊ शकतो. मग पाठ दाखविणे ते कसले?

सभेत हे सांगितल्यावर एका तरुण सभासदाने मार्मिक प्रश्न केला. “मास्तर, उद्या न्यायाधिकरण म्हणाले की तुम्ही अर्ज मागे घेतलात, म्हणजे तुमचे म्हणणे संपले, तर?” प्रश्नाच्या दोन बाजू आहेत.

पहिली बाजू १९८६ च्या सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिसच्या निकालात सापडते. मध्य प्रदेशातील त्या मोटार-वाहतूक कंपनीने उच्च न्यायालयातील रिट अर्ज मुभा न घेता काढून घेतला आणि पुढे त्याच हुकुमाविरुद्ध दुसरा रिट अर्ज आणला. सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की, दिवाणी दाव्याचे ते तत्त्व सार्वजनिक धोरण म्हणून रिट अर्जांसही लागू आहे. मुभेवाचून मागे घेतलेल्या अर्जाचा विषय घेऊन त्याच उच्च न्यायालयात पुन्हा रिट अर्ज आणता येणार नाही. नाहीतर एका न्यायमूर्तींपुढे रंग दिसेना की दुसऱ्यांपुढे डाव मांडावयाचा, असा खेळच सुरू होईल. मात्र त्याच निकालात हेही सांगितले आहे की, अशी माघार म्हणजे गुणदोषांवरचा निर्णय नव्हे, आणि दाव्यासारखे दुसरे मार्ग तिने बंद होत नाहीत. बेकायदा अटकेच्या अर्जांची गोष्टही न्यायालयाने वेगळी ठेवली आहे.

दुसरी बाजू त्याहून जुनी, १९६१ सालची आहे. दर्याव विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या प्रकरणाचा निकाल न्यायमूर्ती गजेंद्रगडकर यांनी लिहिला. ते साताऱ्याचे, आणि पुढे भारताचे सरन्यायाधीश झाले, म्हणून आम्हांस त्याचा उल्लेख करताना थोडा अधिक आनंद होतो. त्यांनी स्पष्ट केले की, उच्च न्यायालयाने गुणदोषांवर निर्णय दिला तर तो बंधनकारक होतो, परंतु दुसरा उपाय उपलब्ध आहे एवढ्याच कारणास्तव अर्ज फेटाळला, किंवा अर्ज मागे घेतला गेला, तर मूळ प्रश्नाचा निवाडा झालेला नसतो. तेव्हा त्या तरुणास आम्ही उत्तर दिले की, भय न्यायाधिकरणाचे नाही, भय कॅलेंडराचे आहे.

न्यायाधिकरणात अपील करण्याची मुदत हुकूम मिळाल्यापासून तीस दिवसांची. पाच महिने तर उच्च न्यायालयात गेले! येथे १९६३ च्या मुदत कायद्याचे चौदावे कलम उपयोगी पडते. ज्या न्यायालयात अधिकाराच्या अभावामुळे किंवा तशाच एखाद्या कारणामुळे प्रकरण चालू शकत नव्हते, तेथे सद्भावनेने आणि तत्परतेने घालविलेला काळ मुदतीतून वजा होतो. न्यायाधिकरणे म्हणजे शब्दशः ‘न्यायालये’ नव्हेत, असा वाद निघे. २०१५ साली एम. पी. स्टील कॉर्पोरेशनच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की, कलम जसेच्या तसे लागू नसले तरी त्याचे तत्त्व विलंब माफ करताना लावता येते. शाळांच्या अधिनियमातही पुरेसे कारण दाखविल्यास विलंब माफ करण्याची सोय आहे.

आता आमच्या आवडीचे गणित करू. हुकूम मिळाला आणि बाविसाव्या दिवशी रिट अर्ज गेला, म्हणजे तीस दिवसांपैकी आठ उरले. उच्च न्यायालयातील पाच महिने वजा केले तरी हातात दिवस आठच. हीच भगिनी चाळिसाव्या दिवशी उच्च न्यायालयात गेली असती तर? तर मुदत तेथे जाण्यापूर्वीच संपलेली, आणि वजाबाकीने मेलेली मुदत जिवंत होत नाही. मग त्या आधीच्या दहा दिवसांचे निराळे कारण द्यावे लागले असते. म्हणून सभेत ठरले की अर्ज मागे घेण्यापूर्वीच अपिलाचा मसुदा तयार ठेवावयाचा. हुकूम झाल्यापासून सहाव्या दिवशी अपील आणि त्याबरोबर विलंबमाफीचा अर्ज दाखल झाला. बावीस आणि सहा, अठ्ठावीस. विलंब माफ झाला. अपील हल्ली सुनावणीच्या टप्प्यावर असल्यामुळे त्याच्या गुणदोषांविषयी आम्ही अधिक बोलत नाही.

उच्च न्यायालयाचा हुकूम मात्र कसा मिळाला ते सांगितले पाहिजे, कारण सारे मर्म त्यातच आहे. वकिलांनी तीन गोष्टी मागितल्या आणि तिन्ही लिहून घेतल्या. न्यायाधिकरणात अपील करण्याची मुभा राखून अर्ज मागे घेतला आहे, हे एक. या अर्जात गेलेला काळ न्यायाधिकरणाने मुदतीचा विचार करताना ध्यानात घ्यावा, हे दुसरे. आणि उभय पक्षांचे सर्व मुद्दे खुले आहेत, हे तिसरे. हुकूम चार ओळींचा. पण त्या चार ओळी नसत्या तर नुसते ‘अर्ज मागे घेतला, निकाली’ एवढेच उरले असते, आणि समोरच्या वकिलाने त्यावर काय काय इमारत उभारली असती हे सांगावयास नको. नंतरच्या अपिलात आधीच्या रिट अर्जाचा उल्लेख उघडपणे केला, हेही येथेच सांगतो. लपवाछपवी करणाऱ्याचे खरे म्हणणेही न्यायालयास खोटे वाटू लागते.

एक आशा मात्र कोणी धरू नये. अर्ज मागे घेताना मिळालेली तात्पुरती स्थगिती आपोआप पुढे चालू राहील, असे पुष्कळांस वाटते. उच्च न्यायालये काही आठवड्यांची सवड देतात हे खरे, परंतु तो हक्क नव्हे. ओरिसा राज्य विरुद्ध मदन गोपाल रुंगटा या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९५१ सालीच सांगून ठेवले की, मूळ हक्कांचा निर्णय न करता केवळ पुढील दाव्यापर्यंतची तात्पुरती दाद देण्यासाठी रिट अधिकार वापरावयाचा नाही. तेव्हा नव्या ठिकाणी पहिल्याच दिवशी स्थगितीचा अर्ज द्यावा.

उलट, दुसरा उपाय आहे असे कोणी म्हणाले की लगेच अर्ज मागे घेण्याची घाईही नको. अर्ज दाखल करून घेऊन, गुणदोषांवर ऐकून झाल्यावर, वर्षे लोटल्यानंतर ‘आता खाली जा’ असे म्हणणे उचित नव्हे, असे १९७० साली हृदयनारायण यांच्या प्राप्तिकराच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. आणि कित्येक ठिकाणी उच्च न्यायालय हाच कायद्याने नेमलेला उपाय असतो. आपल्या मुलांच्या जातीच्या दाखल्यांचे पाहा. सक्षम प्राधिकाऱ्याने दाखलाच नाकारला तर २००० च्या अधिनियमाप्रमाणे तीस दिवसांत अपील प्राधिकाऱ्याकडे जावे लागते. तेथे न जाता रिट अर्ज केला तर बहुधा तो मागे घेण्याचीच पाळी येईल. परंतु पडताळणी समितीने दावा अमान्य केला तर तो हुकूम अंतिम, आणि त्याविरुद्ध फक्त २२६ खालीच उच्च न्यायालयात जाता येते. एकाच दाखल्याच्या दोन टप्प्यांवर दोन निरनिराळी दारे! वैद्यकीय प्रवेशाच्या धांदलीत पालक या दोन दारांची गल्लत करतात आणि मुलाचे वर्ष हकनाक जाते. समितीच्या हुकुमाविरुद्धचा अर्ज मागे घेण्याचा सल्ला कोणी दिला तर आधी विचारावे, “मग जावयाचे कोठे?”

काही वेळा कायदा स्वतःच बाजू बदलण्याची सवड देतो. घरबांधणीच्या नियमनाचा २०१६ चा कायदा झाला तेव्हा ज्यांच्या तक्रारी ग्राहक मंचात आधीपासून पडून होत्या, त्यांना मंचाच्या परवानगीने त्या काढून घेऊन नव्या निर्णय अधिकाऱ्याकडे जाण्याची मोकळीक एकाहत्तराव्या कलमाने दिली. तेथेही ‘परवानगीने’ हा शब्द आहेच. मुंबई-पुण्याकडे सदनिका घेऊन अडकलेल्या बांधवांस तो ठाऊक असेल.

आता व्यवहाराचे. साहाय्य समितीकडे येताना पुष्कळ जण हुकूम आणतात आणि पाकीट घरी फेकून येतात. कृपा करून पाकीट जपून ठेवा. हुकूम कोणत्या दिवशी मिळाला हे त्यावरील टपालाच्या शिक्क्यावरून शाबीत होते आणि मुदत तेथूनच मोजली जाते. अपिलासाठी हुकुमाच्या प्रमाणित नकलेचा अर्ज केला असेल तर नकलेस लागलेला काळ मुदत कायद्याच्या बाराव्या कलमाने वगळला जातो, म्हणून अर्जाची पावतीही हवी. पुरसीस इंग्रजीत असली तर सही करण्यापूर्वी तिचा मराठी अर्थ वकिलाकडून लिहून घ्यावा. कोणी रागावले तरी चालेल. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांतील बांधवांस ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरास उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ झाल्यामुळे मुंबईच्या फेऱ्यांचा खर्च वाचू लागला आहे, ही गोष्ट निधीच्या दृष्टीनेही समाधानाची आहे. मात्र प्रवास सोपा झाला म्हणून खालचे दार ओलांडून थेट तेथे जाण्याचा मोह आवरावा.

मंडळाने यंदा असा ठराव केला आहे की, साहाय्य निधीतून न्यायालयीन खर्चासाठी रक्कम देताना अर्जदाराने वकिलांकडून एक टिपण आणावे. या तक्रारीसाठी कायद्यात दुसरा उपाय आहे काय, असल्यास त्याची मुदत किती, आणि तो सोडून येथे का जावयाचे, एवढे त्यात असावे. टिपणाचा नमुना कार्यालयात ठेवला आहे. ज्या सभासदांनी मेजावर हात आपटला होता, त्यांनीच या ठरावास अनुमोदन दिले. समितीची बैठक दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी सकाळी भरते. ज्यांचे हुकूम नुकतेच हाती आले असतील त्यांनी रविवारची वाट न पाहता चिटणीसांची गाठ घ्यावी.